उलटायचं राहिलेलं पान

गुरुवार, ६ मार्च

आजचा वर्ग फार छान झाला. स्वतःच स्वतःची पाठ थोपटू नये, पण इथे कोण वाचायला बसलंय!

प्रार्थनाघराच्या मागच्या खोलीत नऊ जण होते. पाळकसाहेबांनी हिब्रू स्तोत्रांचा हा वर्ग माझ्याकडे सोपवला त्याला आता पाच महिने होतील. 'तुला वाचायची हौस आहे, माझे कान गेले,' म्हणाले आणि तीन खंडांचं भाष्य माझ्या हातात ठेवलं. पहिल्या दिवशी खंड उचलताना मनगट लचकलं होतं. घरी हे त्या खंडांना विटाच म्हणतात. 'आज कुठली वीट?' असं रोज विचारतात.

वर्गाची पद्धत साहेबांनी घालून दिलेलीच चालू आहे. एकानं स्तोत्र मोठ्यानं वाचायचं, मग प्रत्येकानं आपल्याला लागलेली ओळ सांगायची, मग मी भाष्यात काय म्हटलंय ते सांगायचं. आज टेलरकाकांची पाळी होती. त्यांची पाळी आली की ते एकच विलापस्तोत्र वाचतात. सगळं स्तोत्र रडगाणं आहे. देव ऐकत नाही, हाडं झिजली, सोबती पळाले. आणि शेवटच्या दोन ओळींत एकदम देवाचे आभार! काकांना लागलेली ओळ नेहमी शेवटचीच.

मी तयारी करून गेले होते. म्हटलं, अभ्यासकांच्या मते या दोन ओळी मूळ कवीच्या नाहीतच. शब्द वेगळे, वजन वेगळं. पुढे कधीतरी सगळ्यांनी मिळून म्हणायला सोपं जावं म्हणून दुसऱ्याच कोणीतरी जोडल्या. आणि वर म्हटलं, 'म्हणजे आपले टेलरकाका लावतात ना, तसं ठिगळ!'

खूप हसले सगळे. टेलरकाकाही हसले. काकू दाराजवळच्या खुर्चीवर नेहमीसारख्या गप्प होत्या. निघताना पोस्टातल्या बाई म्हणाल्या, 'तुम्ही कॉलेजात शिकवायला हवं होतं, औषधाच्या दुकानात काय करताय?' घरी येईपर्यंत मी हवेत होते.

शुक्रवार, ७ मार्च

यांना ठिगळाचा विनोद सांगितला. हसले नाहीत. 'त्यांना सांगितलास? त्यांच्या तोंडावर?' एवढंच म्हणाले आणि आमटी वाढून घेतली. यांना विनोद कळत नाही.

गुरुवार, १३ मार्च

टेलरकाका आले नाहीत. काकूही नाहीत. दोन वर्षांत पहिल्यांदा.

पोस्टातल्या बाई खुर्च्या घडी करताना सहज बोलून गेल्या, 'येतील कसे? तुम्ही त्यांच्या ओळीच काढून घेतल्यात.' आणि पुन्हा हसल्या. मी नाही हसले.

दोन वर्षांपूर्वी त्यांची मुलगी गेली. सव्वीस वर्षांची होती. तिची औषधं माझ्याच काउंटरवरून जायची. शेवटी शेवटी काका चिठ्ठी द्यायचे आणि माझ्याकडे न बघता फळ्यांवरचे डबे मोजत उभे राहायचे. त्यानंतरच ते दोघं वर्गाला यायला लागले. हे सगळं मला माहीत होतं. बोलायच्या आधी एकदाही मनात आलं नाही. मनात काय होतं? माझं पाठांतर. माझी तयारी. माझा विनोद.

शनिवार, १५ मार्च

दुपारी काकू दुकानात आल्या. झोपेच्या गोळ्यांची चिठ्ठी. रात्री एक, पंधरा दिवस. वर काकूंचं नाव.

हे मी रोज बघते. पुरुष डॉक्टरकडे जात नाहीत. बायकोला पाठवतात, तिच्या नावावर चिठ्ठी घेतात आणि गोळी आपण खातात. अर्धं गाव — नाही, अर्धं नाही, पण निदान सात-आठ घरं मी सांगू शकते.

'केव्हापासून झोप नाही?' मी विचारलं.

'झाले आठ-नऊ दिवस.'

आठ-नऊ दिवस. म्हणजे त्या गुरुवारपासून. मी पाकीट कापलं. 'गोळी घेतली की लगेच आडवं व्हायचं. कात्री-मशीनजवळ जायचं नाही, सांगा त्यांना,' असं म्हटलं. काकूंनी माझ्याकडे बघितलं, मग मान हलवली. 'सांगते.'

त्या गेल्यावर मी आत जाऊन पाणी प्यायले. दोन गिऱ्हाइकं हाका मारत होती.

एका माणसाची झोप उडवली मी. पुस्तक हातात धरून, हसत हसत.

रविवार, १६ मार्च

आज जे झालं ते लिहायलाही लाज वाटते. लिहिते.

दुसरा खंड काढला. म्हटलं, निदान बघू तरी, काकांना सांगण्यासारखं काही सापडतं का. माझी खुणेची चिठ्ठी तिथेच होती, खोकल्याच्या औषधाच्या खोक्याची फाडलेली कड. उजव्या हाताच्या पानावर तळापर्यंत तेच सगळं, मी सांगितलेलं. शेवटच्या दोन ओळी परक्या, शब्द वेगळे, वजन वेगळं, तीन पुरावे. पान संपलं.

मी पान उलटलं.

मागच्या पानावर पहिलंच वाक्य: 'हे मत दिसायला आकर्षक आहे, परंतु ते टिकत नाही.'

पुढे अडीच पानं त्याचं खंडन. तीनही पुरावे एकेक करून उडवलेत. भाष्यकारानं दुसऱ्याचं मत आधी सगळं ताकदीनं मांडलंय, म्हणजे खोडताना कोणी म्हणू नये की अर्धवट मांडलं. शाळेत पंतोजींनी आम्हाला हेच शिकवलं होतं, आधी पूर्वपक्ष, मग सिद्धांत. मी पूर्वपक्ष वाचला आणि तोच सिद्धांत म्हणून नऊ जणांना ऐकवून आले! ती तयारी दुकानातच केली होती, दोन गिऱ्हाइकांच्या मधे. कोणीतरी खोकल्याचं औषध मागितलं असणार. चिठ्ठी घातली, पुस्तक मिटलं, आणि मला वाटलं झालं.

औषधाच्या बाबतीत मी असं कधी करत नाही. बाटली दिसते तशी देत नाही. चारही बाजूंनी वाचते, तारीख बघते, पुन्हा चिठ्ठी बघते. वीस वर्षांत एक चूक नाही. आणि इथे?

भाष्यकार म्हणतो, त्या काळी दुःखी माणूस देवळात जाऊन आपलं गाऱ्हाणं मोठ्यानं मांडायचा. ते संपलं की तिथला कोणी सेवक त्याला धीराचा शब्द द्यायचा. तो शब्द स्तोत्रात लिहिलेला नाही, कारण तो कवीचा नव्हता. त्यानंतरच्या दोन ओळी पुन्हा त्याच माणसाच्या. म्हणजे ठिगळ नाही. मधे कोणीतरी त्याच्याशी बोललं होतं, आणि ते आपल्यापर्यंत आलेलं नाही, इतकंच.

आणि आमच्या खोलीत मधे मी बोलले.

मंगळवार, १८ मार्च

पाळकसाहेबांकडे गेले. अंगणात कुंड्यांना पाणी घालत होते. मोठ्यानं सांगावं लागतं, त्यामुळे माझा गुन्हा शेजारच्या दोन घरांनीही ऐकला असेल.

साहेब हसले. 'अगं, मी तर तरुणपणी एका आजोबांना चुकीचंच स्तोत्र समजावलं होतं, एक नंबर पुढचं! येत्या गुरुवारी सांगून टाक, पान उलटायचं राहिलं म्हणून.'

'पण काका येतच नाहीत.'

'काय?'

'काका येत नाहीत वर्गाला!'

'मग तू जा,' असं म्हणाले आणि पुन्हा कुंड्यांकडे वळले. त्यांना सगळं सोपंच वाटतं.

गुरुवार, २० मार्च

वर्गात सांगितलं नाही. एक छोटं आनंदाचं स्तोत्र घेतलं, ज्यात काही अडचण नाही, भाष्यात सगळ्यांचं एकमत आहे. सात जण होते. पोस्टातल्या बाईंना जांभया येत होत्या.

काका नव्हतेच, मग त्यांच्यामागे सांगून काय उपयोग, असं मी मनाला समजावलं. खोटं आहे. नऊ जणांसमोर मिरवले होते, सात जणांसमोर तोंडघशी पडायची तयारी नव्हती.

शनिवार, २२ मार्च

टेलरकाकांच्या दुकानात गेले. सोबत परकर घेतला, कड उसवलेली. उसवली कुठली, मीच दुपारी ब्लेडनं उसवली! यांनी बघितलं.

दुकान म्हणजे पायऱ्यांखालची खोली. मशीन, इस्त्रीचं टेबल, भिंतीला खिळ्यावर टांगलेल्या मापाच्या चिठ्ठ्या. काका चष्मा कपाळावर चढवून परकर बघत होते. 'ताई, ही कड उसवलेली नाही, कापलीय कोणीतरी.'

'उंदीर असेल.'

'उंदीर इतकं सरळ कापत नाही.'

मशीन चालू झालं. त्या आवाजात सांगता आलं नाही — हे निमित्त. मशीन थांबल्यावरही सांगितलं नाही. 'बरे आहात ना?' विचारलं. 'बरा आहे.' 'झोप?' 'लागते की.' परकर घेतला आणि आले. कड आधीपेक्षा चांगली शिवलीय.

सोमवार, २४ मार्च

यांनी आज जेवताना विषय काढला. 'आणखी किती परकर फाडणार आहेस?'

मी रडले. रडायचं नव्हतं. यांना सगळं सांगितलं, उलटायचं राहिलेलं पान, गोळ्या, सगळं. हे डेपोत गाड्या दुरुस्त करतात. यांचं म्हणणं असं की ब्रेक नीट बसवला नसल्याचं आठवलं तर गाडी परत बोलवायची, मग लोक हसोत की रागावोत. गाडी कुठे आहे माहीत असताना घरी बसून रडायचं नाही.

'आणि गाडी परत आली नाही तर?'

'मग आपण जायचं. पान्हा घेऊन.'

बुधवार, २६ मार्च

वीट पिशवीत घालून गेले. खुणेची चिठ्ठी आता दोन पानांच्या मधे, बरोबर 'टिकत नाही'वर.

काका एका कोटाचं अस्तर सोडवत होते. मी स्टुलावर बसले आणि सुरुवात केली, 'काका, त्या गुरुवारी मी जे बोलले...' पुढचं मी पाठ केलं होतं, पण काकांनीच हात वर केला.

'ताई, मीच येणार होतो तुमच्याकडे. तुमचे आभार मानायचे राहिलेत.'

मला वाटलं टोमणा आहे. टोमणा नव्हता.

'दोन वर्षं मी त्या शेवटच्या ओळी म्हणत होतो. तोंडानं. रोज सकाळी, चहाच्या आधी. हिच्यासाठी म्हणायचो, वर्गासाठी म्हणायचो, पाळकसाहेब बघतायत म्हणून म्हणायचो. आत काही नाही. मला वाटायचं, तो कवी इतकं सोसून शेवटी आभार मानतो आणि मला जमत नाही, म्हणजे माझ्यातच खोट आहे. पोरगी गेली आणि बापाला धड विश्वासही ठेवता येईना.' दोरा दातांनी तोडला. 'तुम्ही म्हणालात, त्या ओळी त्याच्या नाहीतच. दुसऱ्यानं मागून लावल्या. म्हणजे तो माणूस पण तिथेच थांबला होता, जिथे मी आहे. घरी गेलो आणि रडलो, ताई. पोरगी गेल्यावर पहिल्यांदा. तेव्हापासून झोप लागते.'

मी पिशवीचे बंद धरून बसले होते.

'मग वर्गाला का नाही आलात?'

'आलो असतो तर मला पुन्हा त्या ओळी म्हणाव्या लागल्या असत्या. सगळे वाट बघतात ना शेवटाची.'

सांगायला हवं होतं. पान काढून दाखवायला हवं होतं. मी पूर्ण पंधरा मिनिटं तिथे बसले, कोटाचं अस्तर वेगळं होताना बघितलं, आणि पुस्तक पिशवीतच राहिलं. माझ्या चुकीनं या माणसाला रडू आलं होतं. झोप आली होती — गोळ्यांचाही गुण असेलच थोडा, पण ते त्याला सांगायची गरज नाही. आता खरं सांगून ते परत काढून घ्यायचं?

'गुरुवारी या,' मी म्हटलं. 'जिथे थांबावंसं वाटेल तिथे थांबा. कोणी काही म्हणणार नाही.'

पुस्तक परत आणलं, पण घरी नेलं नाही. दुकानात काउंटरखाली ठेवलं. घरी यांनी विचारलं असतं.

गुरुवार, २७ मार्च

काका आले! त्यांनी तेच स्तोत्र मागून घेतलं. वाचलं, आणि शेवटच्या दोन ओळींच्या आधी थांबले. पुस्तक मिटलं. पोस्टातल्या बाईंनी डोळे पुसले. मी भाष्यातलं काहीच सांगितलं नाही, आणि पाच महिन्यांत इतका चांगला वर्ग झाला नव्हता.

काकू आल्या नाहीत. बरं नाही म्हणे.

घरी येताना पायांना वजन नव्हतं. चूक झाली होती खरी, पण चुकीतून चांगलं निघालं. देवाच्या वाटा कोणाला कळल्यात! असं सगळं यांना सांगितलं. हे म्हणाले, 'म्हणजे पान दाखवलं नाहीस.' मी म्हटलं, 'गरजच पडली नाही.'

रविवार, ३० मार्च

शांत झोपले. तीन आठवड्यांत पहिल्यांदा.

गुरुवार, ३ एप्रिल

काका आले. त्याच ठिकाणी थांबले. काकूंची खुर्ची आज कोणीतरी दाराला टेकण म्हणून लावली होती.

शनिवार, ५ एप्रिल

दुपारी काकू आल्या. तीच चिठ्ठी, आणखी पंधरा दिवस.

मी हसून म्हटलं, 'आता कशाला? काका तर म्हणतात, चांगली झोप लागते.'

'त्यांना लागते. ते कधी घेत होते गोळ्या? माझ्या आहेत. वर नाव लिहिलंय की.'

लिहिलं होतं. दोन्ही वेळा.

काकू हळू आवाजात बोलत होत्या, मागे गिऱ्हाईक नव्हतं तरी. 'ताई, एक विचारू? त्या दोन ओळी. ते रोज सकाळी म्हणायचे ना, चहाच्या आधी. मी आत ओट्याशी उभी राहून ऐकायची. त्यांना वाटायचं, मला आपलं बरं वाटावं म्हणून म्हणतोय. पण मी त्याच्यावरच दिवस काढत होते. मला वाचता येतं, पण माझ्या तोंडून ते निघत नाही. आता ते म्हणतच नाहीत. त्यांना मोकळं वाटतं, मग मी कशी सांगू म्हणा म्हणून? तुम्ही एवढं वाचता. सगळ्या पुस्तकांत तसंच लिहिलंय का, की त्या ओळी त्याच्या नाहीत? कुठेच काही वेगळं नाही?'

मी फळीचं दार उघडून त्यांना आत घेतलं. स्टुलावर बसवलं. काउंटरखालून पुस्तक काढलं. खुणेची चिठ्ठी होती तिथेच होती. वाचून दाखवलं, 'टिकत नाही'पासून पुढे, अडीचही पानं, मधली ती न लिहिलेली जागा, आणि शेवटच्या ओळी त्याच माणसाच्या. काकू ओठ हलवत ऐकत होत्या. संपल्यावर त्यांनी पानावर हात ठेवला. मग एक पान मागे उलटलं, पुन्हा पुढे उलटलं.

'हे त्या दिवशीपण होतं यात?'

'होतं, काकू.'